ढालीमागचे डास

ही गोष्ट ऐकून कुणाचा विश्वास बसणार नाही, हे आधीच सांगून टाकलेलं बरं. ज्यांचा बसेल त्यांनी घरी जाऊन ती कुणाला सांगू नये, लोक त्यांनाही थापाड्यांत धरतील. शिवाय ती कुठल्या इस्पितळातली, हे विचारायचं नाही. इस्पितळ होतं, दारासमोर असाच पत्र्याखालचा बाक होता आणि बाकावर अशीच माणसं आतल्या माणसाची वाट बघत बसलेली होती, एवढं पुरे. बाकाच्या टोकाला पक्कड घेऊन बसलेला तो लाइनमन आत्ताच गालातल्या गालात हसायला लागलाय. हसू दे. खांबावर चढणाऱ्याला खालचं सगळंच बुटकं दिसतं.

तर त्या इस्पितळात शिरल्या शिरल्या समोरच्या भिंतीवर एक ढाल होती. पितळेची, परातीएवढी, मखमलीच्या पाटावर बसवलेली. 'हिवतापमुक्त शहर' असं तिच्यावर कोरलं होतं. इस्पितळाच्या मोठ्या साहेबांनी, म्हणजे मुख्य डॉक्टरांनी, ती वरच्या खात्याकडून मिळवली होती. अट अशी, की मलेरियाचा एक जरी रोगी कागदावर आला तर ढाल परत. त्यामुळे साहेब सकाळी आल्यावर आधी ढालीकडे बघायचे, मग रोग्यांकडे. कधीकधी रोग्यांकडे बघायचं राहूनही जायचं.

आता शहरातून मलेरिया गेला म्हटल्यावर धुराची गाडी बंद झाली. नसलेल्या रोगावर धूर कशाला मारायचा? गटारावर तेल टाकणाऱ्यांना दुसरीकडे कामाला लावलं. राहिले फक्त डास. त्यांना कुणी कळवलंच नव्हतं. आणि त्यांनी बिऱ्हाड थाटलं ते नेमकं त्या ढालीच्या मागं, कारण सगळ्या इस्पितळात तेवढीच एक जागा अशी होती, की तिथं झाडू फिरवायची कुणाची छाती नव्हती. तिथं ते असे पोसले, असे पोसले, की खिडकीच्या गजांतून जाताना एकेकाला अंग आडवं करावं लागे. वॉर्डातल्या मावशी शपथेवर सांगायच्या, की एका डासानं त्यांच्या हातातलं ब्लँकेट धरून ठेवलं आणि दोघांत बराच वेळ ओढाताण चालली. मावशी जिंकल्या. ब्लँकेट फाटलं.

पण गोष्ट डासांची नाही. गोष्ट आहे आकडेबाईंची.

हे त्यांचं खरं नाव नव्हे, इस्पितळानं ठेवलेलं. जिन्याखालच्या खोलीत, जिथं पंखा फिरला की कागद उडतात आणि नाही फिरला की माणूस उडतो, तिथं त्या बसायच्या. जगातल्या प्रत्येक दुखण्याला एक अक्षर आणि काही आकडे असा कोड असतो. साध्या मलेरियाचा वेगळा, मेंदूत शिरलेल्या मलेरियाचा वेगळा. बदक चावलं तर त्याचाही वेगळा. लाइनमनसाहेब, ही थाप नाही, हवं तर कुणालाही विचारा. डॉक्टरांनी कागदावर जे लिहिलं ते वाचायचं आणि त्याचा नेमका कोड संगणकात घालायचा, हे बाईंचं काम. त्या कोडावरून वरच्या खात्याला कळायचं, की इथली माणसं कशानं आजारी पडतात. आणि मध्यवर्ती भांडारातून औषध यायचं तेही त्याच कोडावर.

या धंद्याचा एक कायदा आहे. डॉक्टरांनी लिहिलं तेच घडलं. न लिहिलेलं घडलंच नाही. रोग्याला तुमच्या डोळ्यांदेखत झटके येत असू देत, तपासणीच्या कागदावर रक्तात किडे सापडल्याचं छापलेलं असू दे. डॉक्टरांनी आपल्या हातानं रोगाचं नाव लिहिलं नसेल, तर कोडवाल्यानं ते घालायचं नाही. संशय आला तर डॉक्टरांना लेखी प्रश्न विचारायचा. तोही असा, की त्यात उत्तराचा वाससुद्धा येता कामा नये. 'मलेरिया आहे का' असं विचारलं, की प्रश्न बाद.

बाईंचा या कायद्यावर जीव होता. त्या म्हणायच्या, "उद्या प्रत्येकानं मनाला येईल तो कोड घातला, तर कावीळवाल्याला मोतीबिंदूचे थेंब मिळतील." घरीही तेच. सासूबाई म्हणाल्या, की गुडघा गेला गं माझा, तर या विचारणार, "कुठला, उजवा की डावा?" सासूबाई म्हणायच्या, "तुझ्यापुढं मरायचीसुद्धा चोरी. तू विचारशील, नेमकं कशानं मरताय."

त्या वर्षी वॉर्ड भरला. हुडहुडी भरून ताप, मग घाम, मग पुन्हा हुडहुडी. काहींचं तेवढ्यावर निभावलं. काहींचे डोळे पिवळे झाले, लघवी काळ्या चहासारखी, श्वास धापा टाकल्यासारखा, आणि मग हाका मारल्या तरी ओ नाही. वॉर्डात एक तरुण डॉक्टरीणबाई होत्या. त्या आकडेबाईंना म्हणाल्या होत्या, "हा जंतू रक्ताच्या पेशी नुसत्या फोडत नाही, त्यांना चिकट करतो. त्या मेंदूतल्या बारीक नळ्यांत अडकून बसतात. मोरीची जाळी तुंबावी तशी नळी तुंबते. साखर उतरते, मूत्रपिंडं बसतात. मग गोळी चालत नाही. शिरेतून इंजेक्शन द्यावं लागतं, लगेच, आणि ते पुन्हा पुन्हा, वेळेवर."

डॉक्टरीणबाई कागदावर स्वच्छ अक्षरात 'तीव्र मलेरिया' लिहायच्या. संध्याकाळी साहेबांची फेरी व्हायची आणि त्यावर लाल शाईची रेघ पडायची. पुढं साहेबांचं अक्षर: 'ताप. कारण तपासाधीन.' शेवटची सही साहेबांची, म्हणून शेवटचा शब्दही साहेबांचा. कागद जिन्याखाली आला, की बाई दातओठ खात तापाचा कोड घालायच्या. आर पन्नास पॉइंट नऊ. पुन्हा आर पन्नास पॉइंट नऊ. तोच. तोच.

भांडारानं हिशेब केला, की या शहरात ताप फार आहे. आणि तापाच्या गोळ्या धाडल्या. ट्रक भरभरून. गोदाम भरलं, मग जिना भरला, मग साहेबांची गाडी ठेवायची जागा भरली. वॉर्डातल्या खाटांचे पाय खचले होते त्यांखाली गोळ्यांची खोकी लावली. मावशींनी दाराला अडसर म्हणून एक खोकं ठेवलं. मलेरियाच्या इंजेक्शनाच्या मात्र कपाटात तळाच्या चार-दोन कुप्या उरल्या होत्या. नव्या कशा येणार? या शहरात मलेरियाच नव्हता.

कोंबडं झाकलं म्हणून तांबडं फुटायचं राहत नाही, म्हणतात. इथं कोंबडं झाकणाऱ्यालाच बक्षीस मिळालं होतं.

आणि मग बाईंचा धाकटा दीर आजारी पडला.

तो लाइनमन होता. हो, याच्यासारखाच. हा नव्हे, तो याच्याहून देखणा होता. बाई लग्न होऊन घरात आल्या तेव्हा तो पाढे चुकायच्या वयाचा होता. बाईंनी त्याला पाढे शिकवले, ते तो शिकला नाही, पण वहिनीला चिकटला तो कायमचा. पहिल्या पगारात त्यानं बाईंसाठी टेबलावरचा छोटा पंखा आणला. म्हणाला, "वहिनी, हा कागद उडवणार नाही. मी याचे दात काढून आणलेत."

तो खांबावरून उतरला तो कुडकुडतच. दोन-तीन दिवस घरीच अंगावर काढला. सासूबाईंनी काढे पाजले, दादानं, म्हणजे बाईंच्या नवऱ्यानं, पाय चेपले. मग एका दुपारी तो भलतंच बोलायला लागला. "लाइन बंद करा," म्हणे, "मी वर आहे, लाइन चालू आहे." बाईंनी कपाळावर हात ठेवला, तर त्यांना म्हणाला, "बाई, गृहपाठ राहिला." मग डोळे वर गेले आणि अंगाला झटका आला.

इस्पितळात नेईपर्यंत तो बेशुद्ध होता. डॉक्टरीणबाईंनी रक्ताची काच तपासली. किडे ठासून भरलेले. कपाटात होत्या नव्हत्या त्या कुप्या काढून त्यांनी पहिला डोस दिला, साखरेचं पाणी लावलं आणि बाईंना बाजूला घेतलं.

"एवढंच होतं," त्या म्हणाल्या. "पुढचा डोस बारा तासांत हवा. भांडारातून मागवा."

तेवढ्यात साहेबांची संध्याकाळची फेरी होऊन त्याच्याही कागदावर लाल रेघ पडली. बाईंनी तिथूनच भांडाराला फोन लावला. पलीकडे एक कारकून होता, सुपारी चघळत.

"भाऊ, मलेरियाचं इंजेक्शन हवंय. घाई आहे."

"कोड सांगा."

"आर पन्नास पॉइंट नऊ."

"ताई, तो ताप. तापाला गोळ्या. मागच्या संपल्या का एवढ्यात?"

"माणूस बेशुद्ध आहे हो. गोळी कशी गिळणार?"

"मग बेशुद्धीचा कोड टाका. पण त्याला इंजेक्शन बसत नाही, आधीच सांगतो. नंतर म्हणाल, भाऊ बोलला नाही."

"कशाला बसतं?"

"बी पन्नास पॉइंट शून्य. मेंदूचा मलेरिया. पण तो तुमच्याकडे कुठाय? तुम्हाला तर ढाल मिळाली."

बाईंच्या तळपायाची आग मस्तकाला गेली. तरी त्यांनी कायदा सोडला नाही. जिन्याखाली आल्या आणि प्रश्न लिहिला: 'रुग्णाच्या बेशुद्धीचं कारण स्पष्ट करावं.' शिपाई घेऊन गेला. उत्तर आलं: 'ताप.' बाईंनी लिहिलं: 'तापाचं कारण स्पष्ट करावं.' उत्तर आलं: 'तपासाधीन.' बाईंनी लिहिलं: 'तपासात काय आढळलं ते लिहावं.' उत्तर आलं: 'ताप.' शिपाई असा वर-खाली फिरला, की जिन्याच्या पायऱ्या मधोमध झिजल्या. शेवटी तो म्हणाला, "बाई, मला वरच बसवा नाहीतर खालीच. मला काय यांचा पोस्टमन करून ठेवलाय?"

तेव्हा बाई स्वतः वर गेल्या. साहेबांच्या केबिनमध्ये थंडगार होतं आणि खिडक्यांना बारीक जाळी होती. अख्ख्या इमारतीत जाळी होती ती तेवढीच.

"साहेब, तो लाइनमन," बाई म्हणाल्या.

"तुमचा कोणी लागतो ना? बरा होईल. लोक उगाच घाबरतात."

"त्याच्या कागदावर काय लिहायचं ते आपण लिहावं, एवढंच म्हणणं आहे."

"लिहिलंय की."

"ताप लिहिलाय. काच तपासलीय साहेब. काचेत जे दिसलं..."

"काचेत काय दिसलं ते मी ठरवतो." साहेबांनी पेनाचं टोपण लावलं. "बाई, तुम्ही आकडे टाका. माणसं आम्ही बघतो."

"बघताय कुठं? फेरीला आलात तेव्हा त्याच्या खाटेजवळ थांबलासुद्धा नाहीत. कागदावर रेघ मारलीत आणि पुढं गेलात."

साहेबांना असं कुणी बोलत नसे. ते अगदी मऊ आवाजात म्हणाले, "एका माणसासाठी सगळ्या शहराचं नाव घालवायचं? उद्या पेपरात येईल. आणि तुम्ही परस्पर तो कोड टाकलात, तर तो खोटा कोड ठरेल, हे मी तुम्हाला सांगायला नको. कायदा तुम्हीच शिकवता सगळ्यांना."

हे खरं होतं. हात दगडाखाली सापडला होता, आणि दगड बाईंनीच घासूनपुसून ठेवलेला.

बाई खाली आल्या. दारात डॉक्टरीणबाई उभ्या होत्या. त्या म्हणाल्या, "मी लिहिते पुन्हा. पण ते पुन्हा खोडतील. शेवटची सही त्यांची." बाकावरून उठून आलेला दादा भिंतीला टेकून उभा होता. लहानपणी धाकट्याला तापात खांद्यावर घेऊन फिरायचा तसा आता नुसताच हात खांद्यावर ठेवून उभा होता, आपल्याच.

"अगं," तो शेवटी म्हणाला, "तुझ्या त्या यंत्रात एक अक्षर बदलायचंय ना फक्त?"

"अक्षर नाही. खोटं आहे ते. लिहिलेलं नाही कुणी."

"आणि तिथं लिहिलंय ते खरं आहे?"

बाई खुर्चीत बसल्या. तो दात काढलेला पंखा टेबलावर गुणगुणत होता. त्यांनी मागणीचा कागद पडद्यावर उघडला. कोडाचा रकाना रिकामा होता. खाली कोड टाकणाऱ्याचं नाव. बाईंचं बोट 'बी' या अक्षरावर आलं आणि तिथंच थांबलं. आयुष्यभर त्यांनी दुसऱ्यांनी लिहिलेलं खरं मानून लिहिलं होतं. आपल्या डोळ्यांनी बघितलेलं लिहायची वेळ पहिल्यांदाच आली होती. वर वॉर्डात इंजेक्शनाची वेळ जवळ येत होती.

आणि नेमकं तेव्हा, मंडळी, बाहेरच्या दालनात धडाम असा आवाज झाला.

काय झालं असेल? ढालीमागच्या डासांचा संसार वाढत वाढत असा वाढला होता, की जागा पुरेना. लेकी-सुना, व्याही-विहिणी, सगळे एकाच वेळी पंख झाडत उठले आणि खिळ्यानं हात टेकले. ढाल पडली. मागून डासांचा असा ढग निघाला, की दालनातले लागलेले दिवेही दिसेनासे झाले. एक डास मखमलीचा पाट घेऊन खिडकीतून गेला. पाट सापडला तो दुसऱ्या गल्लीत, आणि त्यावर तो डास सहकुटुंब बसलेला होता. ढाल मात्र उभी राहिली आणि चाकासारखी घरंगळत निघाली. दालनातून कॉरिडॉरमध्ये, कॉरिडॉरमधून वळण घेऊन जिन्याकडे, आणि जिन्याखालच्या खोलीच्या उंबऱ्याला लागून थांबली. तिच्यामागून धावत, धापा टाकत, मोठे साहेब.

साहेब त्या खोलीत कधीच आले नव्हते. त्यांनी ते उडणारे कागद बघितले, लाल रेघांचे गठ्ठे बघितले. दादाकडे बघितलं. आणि त्यांचे डोळे भरून आले. खाली बसून त्यांनी खिशातलं पेन काढलं आणि दिराच्या कागदावर, किराणा दुकानदारालाही वाचता येईल अशा अक्षरात, लिहिलं: 'तीव्र मलेरिया. मेंदूवर परिणाम.' खाली सही केली. मग बाईंना हात जोडून म्हणाले, "बाई, चूक माझी आहे. आजवर खोडलेली सगळी नावं आणा. एकेक दुरुस्त करतो. आणि ती ढाल आजच परत पाठवा."

"थाप," बाकाच्या टोकावरून लाइनमन म्हणाला.

त्यानं पक्कड बाकावर ठेवली होती. तो आता हसत नव्हता.

"ब्लँकेट ओढणारा डास मी सोडून दिला, आजोबा. ढाल घरंगळली, तेही सोडलं असतं. माझ्याहून देखणा म्हणालात तेही सोडलं. पण साहेबांनी चूक कबूल केली? जरा मागं वळून बघा. ढाल तिथंच आहे. कालच पुसलीय. तो कोड वहिनीनं टाकला, खाली स्वतःचं नाव घालून. मी बेशुद्ध होतो, पण माझा दादा शुद्धीवर होता, त्याच्यासमोर टाकला. इंजेक्शन आलं, मी उठलो, आणि खोटा कोड टाकला म्हणून तिला घरी बसवलं. खरा होता तो. या इमारतीत तेवढी एकच गोष्ट खरी लिहिली गेली होती, आजोबा, आणि तुम्ही नेमकी तीच बदललीत."